बडोद्यात मोबाईलवर ट्रेझर हंट, कोणी केलंय का? (जुनं शहर, गाईड नको, स्वतःच फिरायचं)

केतकी_दांडियाबाजार
नमस्कार मंडळी. दिवाळीच्या सुट्टीत पुण्याहून नणंदेकडची आणि मोठ्या दिरांकडची अशी सगळी पलटण येतेय, सगळ्यात छोटा नऊ वर्षांचा आणि सगळ्यात मोठे माझे सासरे बहात्तरचे. दरवेळी आपला ठरलेला कार्यक्रम असतो, लक्ष्मी विलास, कमाटीबाग, संध्याकाळी सेवउसळ आणि परत जाताना भाकरवडी नि लिला चिवडा पॅक. या वेळी पोरांनी फोनवरच बजावलंय, मामी प्लीज आता "हे बघा, हे अमुक साली बांधलं" नको.

तर एक नवीन प्रकार ऐकलाय, अॅपवर ट्रेझर हंट. म्हणजे टीमचे पैसे भरायचे, पाहिजे तेव्हा पाहिजे त्या दिवशी सुरू करायचं, फोन पहिला क्लू देतो, तिथे चालत जायचं, काहीतरी शोधून उत्तर टाकायचं मग पुढचा क्लू उघडतो. सोबत माणूस कोणी नाही, मधेच चहाला थांबलं तरी चालतं. कोणी केलंय का? बडोद्यात करण्यासारखं आहे का? की सरळ रिक्षा करून फिरवू सगळ्यांना?

पाणीगेटवाला
रिक्षा कर. दिवाळीत मंगळबाजारात पाऊल ठेवायला जागा नसते, तू क्लू शोधत बसशील आणि गर्दी तुला ढकलत थेट मांडवीला नेऊन सोडेल. तोही एक हंटच म्हणा 😄

मृदुला_परदेशी
मी केलंय, युरोपात मुलीकडे गेले होते तेव्हा तिने बुक केलं होतं. खेळ म्हणून मजा येते, पण कुठे मजा येते ते सांगते. एका चौकात क्लू होता की समोरच्या इमारतीवर दगडात कोरलेल्या प्राण्यांपैकी एक बाकीच्यांसारखा नाही, तो शोधा. आम्ही चौघं माना वर करून उभे, येणारे जाणारे आमच्याकडे बघून वर बघायला लागले. तो चौक मला आजही डोळ्यासमोर आहे. त्याच खेळात नंतर होतं, अनोळखी माणसाला टाळी द्या आणि फोटो काढा, लाल रंगाची काहीतरी वस्तू शोधा, टीमने मिळून उडी मारतानाचा फोटो. हे काय, हे तर आपल्या गॅलरीत उभं राहूनही होईल, त्याला शहर कशाला पाहिजे?

मग इथे आल्यावर हौसेने बडोद्याचा एक तयार हंट घेतला (अॅपचं नाव सांगत नाही, उगाच वाद नको) तर सगळे प्रश्न त्या दुसऱ्या जातीचे. एका प्रश्नात तर "जवळच्या पुतळ्यासोबत सेल्फी घ्या" एवढंच. कुठला पुतळा, कोणाचा, काही नाही. बहुतेक एकच यादी सगळ्या शहरांना लावतात.

केतकी_दांडियाबाजार
अरे देवा. म्हणजे पैसे पाण्यात. मृदुलाताई, मग स्वतः बनवता येईल का असं काही? मला फक्त व्हॉट्सअॅप येतं हं, कोडिंगबिडिंग नाही.

जीपीएस_जोशी
अगदी येईल आणि कोडिंग लागत नाही. मी ऑफिसच्या ग्रुपसाठी केलंय. गूगल फॉर्म घ्यायचा, प्रत्येक क्लू वेगळ्या सेक्शनमध्ये, उत्तराचा प्रश्न 'रिक्वायर्ड' करून त्याला 'रिस्पॉन्स व्हॅलिडेशन' लावायचं म्हणजे बरोबर उत्तर टाकल्याशिवाय पुढचं पान उघडतच नाही. आणि खरी गंमत पुढे, चुकीचं उत्तर टाकलं की जो लाल एरर येतो त्याचा मजकूर आपल्याला लिहिता येतो, तिथे हिंट लिहायची. "मान अजून थोडी वर करा" असं. उत्तर शक्यतो आकड्यात ठेव, शब्दात ठेवलंस तर कोणी लहरीपुरा लिहील कोणी लेहरीपुरा, मग भांडणं. सगळ्यांना गूगल अकाऊंटने लॉगिन करायला लाव म्हणजे फॉर्म चुकून बंद झाला तरी भरलेलं जात नाही. जास्त हौस असेल तर अॅक्शनबाऊंडसारखी तयार साधनं आहेत, त्यात क्यूआर कोड, जीपीएस सगळं लावता येतं, पण घरच्या कार्यक्रमाला फॉर्म पुष्कळ झाला.

एक धोक्याची सूचना, "तिथे पोचल्यावरच क्लू उघडेल" असं जीपीएसवालं काही पोळांमध्ये, म्हणजे जुन्या गल्ल्यांमध्ये, लावू नकोस. मोकळ्या आभाळाखाली फोन साधारण पाच मीटरपर्यंत अचूक असतो, पण घडियाळी पोळसारख्या अरुंद गल्लीत दोन्हीकडच्या भिंतींवर सिग्नल आपटून येतो आणि तुझा निळा ठिपका शेजारच्या गल्लीत कोणाच्यातरी स्वयंपाकघरात जाऊन बसतो. सयाजीबागेत (म्हणजे तुझ्या कमाटीबागेत) मात्र बिनधास्त वापर.

(अवांतर: हा सगळा प्रकार मुळात जीपीएसमुळेच वाढला. २ मे २००० ला अमेरिकेने नागरी जीपीएसमध्ये मुद्दाम घातलेली चूक काढून टाकली, तोवर शंभरेक मीटरचा घोळ असायचा, आणि दुसऱ्याच दिवशी ऑरेगनमध्ये एकाने जंगलात बादली पुरून तिचे अक्षांश रेखांश इंटरनेटवर टाकले. तिथून जिओकॅशिंग. थांबतो, नाहीतर बायको म्हणते सुरू झाला.)

अण्णा_रावपुरा
नमस्कार. चर्चा वाचली. शहर बघायला निघायचे आणि डोके फोनमध्ये घालून चालायचे, हे गणित मला उमगत नाही. आम्ही वडिलांचे बोट धरून हेच रस्ते पायाखाली घातले, वडील थांबत तिथे आम्ही थांबत. असो. तुम्ही करणारच आहात तर निदान प्रश्न तरी धड विचारा. "न्यायमंदिर कोणत्या साली बांधले" हा प्रश्न नव्हे, ते पोर उभ्या उभ्या गूगल करून सांगेल आणि इमारतीकडे ढुंकूनही बघणार नाही. जे उत्तर तिथे उभे राहूनच मिळते तोच प्रश्न.

मृदुला_परदेशी
अण्णा, अगदी हेच मला म्हणायचं होतं, तुम्ही एका ओळीत संपवलंत.

केतकी_दांडियाबाजार
अण्णा, मग तुम्हीच द्या ना एखादा नमुना 🙏

अण्णा_रावपुरा
घ्या.

राणी एक, वास्तू दोन, सालही एकच, सांगा कोण?
एक दाखवी वेळ वेळेवर, एक देई तारीख तारखेवर.

पाणीगेटवाला
तारखेवर तारीख म्हणजे कोर्ट! न्यायमंदिर! अण्णा भारी आहे हे. आणि वेळ म्हणजे रावपुरा टॉवर?

अण्णा_रावपुरा
बरोबर. दोन्ही १८९६ ची, दोन्ही पहिल्या चिमणाबाईंच्या नावाची. त्या तंजावरच्या, विशी ओलांडली न ओलांडली तोच १८८५ मध्ये गेल्या. टॉवरला आपण आयुष्यभर रावपुरा टॉवर म्हणत आलो, त्याचे खरे नाव चिमणाबाई टॉवर हे निम्म्या बडोद्याला माहीत नाही. पोरांना सांगा की दुसऱ्या चिमणाबाई वेगळ्या, देवासच्या घाटग्यांकडच्या, अखिल भारतीय महिला परिषदेच्या १९२७ मधल्या पहिल्या अध्यक्षा. पुष्कळ जण दोघींची सरमिसळ करतात.

कोर्ट नव्या जागी गेले आहे, त्यामुळे आतल्या कशावर क्लू बेतू नका, बाहेरूनच काय ते विचारा. घुमट आहेत, मनोरे आहेत, मोजायला पुष्कळ आहे.

जीपीएस_जोशी
हा क्लू चॅटबॉटला घातला तर तोही देईल बहुतेक उत्तर.

अण्णा_रावपुरा
देऊ द्या. पुढचा प्रश्न असा ठेवा की टॉवरखाली उभे राहून घड्याळात आत्ता किती वाजलेत ते लिहा आणि फोनवरच्या वेळेशी किती मिनिटांचा फरक पडतो ते सांगा. कोणाला विचारतो ते बघू.

पाणीगेटवाला
😂😂 अण्णा १, रोबो ०

केतकी_दांडियाबाजार
मला आता जोर आला आहे. कच्चा रूट असा, बघून सांगा. सकाळचा भाग रावपुरा टॉवर, तिथून तांबेकर वाडा, सूरसागर, न्यायमंदिर, लहरीपुरा दरवाजा, मांडवी. मग नाश्ता आणि विश्रांती. दुपारनंतर कीर्तिमंदिर, काळा घोडा आणि कमाटीबाग. खंडेराव मार्केट मधे कुठे बसवू कळत नाहीये, पण ते पाहिजेच, नाव मार्केट, पुढे महापालिका बसते, मागे फुलंभाजी, पोरांना आवडेल असला घोळ.

मांडवीसाठी (जुन्या शहराच्या मधोमधचा कमानींचा मंडप) मी हे लिहिलंय, कसं वाटतं ते सांगा:
चार दिशांना चार दरवाजे, मधोमध मी, मला दारच नाही.
कमानी मोजा, बाजू मोजा, गुणाकार करा, घाई नाही.

शलाका_मांजलपूर
मस्त आहे गं. दर बाजूला तीन कमानी, चार बाजू, बारा. नऊ वर्षांच्या पोराला बरोबर जमेल. त्याच्याच पुढे जोडप्रश्न टाक, मांडवीत उभं राहून चारी दरवाज्यांची नावं दिशेप्रमाणे लावा आणि फोनमधलं होकायंत्र वापरा. पश्चिमेला लहरीपुरा, उत्तरेला चांपानेर, पूर्वेला पाणीगेट, दक्षिणेला गेंडीगेट. आमच्या शाळेत हे पाठ करून घेतलेलं पण तिथे उभं राहून एकदाही बघितलं नव्हतं, जुनं बडोदं केवढं आखीव होतं ते तिथे कळतं.

पण वेळेचं बघ हां. सकाळी सात साडेसातला निघा. दुकानं उघडायच्या आत दरवाजे नीट दिसतात, दहानंतर ओढण्या, तोरणं, पणत्या, स्कूटर, सगळं कमानीत. आणि सासऱ्यांना मांडवीपर्यंत चालवणार आहेस का? त्यांना बाकी टीमच्या पुढे रिक्षाने पाठवून "स्टेशन मास्तर" कर, पोरांनी जाऊन त्यांच्याकडून पुढचं पाकीट घ्यायचं.

केतकी_दांडियाबाजार
शलाका, हे सासऱ्यांना सांगितलं तर ते आत्तापासून टोपी इस्त्री करायला घेतील 😄 डन.

सूरसागर_सूर
वाचनमात्र असते पण राहवलं नाही. सूरसागरला नुसती शंकराची मूर्ती दाखवून पुढे जाऊ नका, ती तर बसमधूनही दिसते. म्युझिक कॉलेजकडे घेऊन जा. सयाजीरावांनी १८८६ मध्ये गायनशाळा काढली, गवई मौलाबक्षांच्या हाती दिली, तिचंच पुढे हे कॉलेज झालं. गाणं घराण्याच्या चार भिंतीत शिकवायचं असा तो काळ, आणि इथे कोणीही येऊन शिकावं म्हणून सरकारी शाळा! क्लू कानाचा ठेवा. फाटकापाशी दोन मिनिटं फोन खिशात घालून उभं राहायचं आणि कुठलं वाद्य ऐकू येतं ते लिहायचं. सुट्टीत शांत असेल तर मात्र रस्त्यावरचे हॉर्नच मोजा.

जीपीएस_जोशी
कानाचा क्लू! हे कुठल्याच अॅपमध्ये बघितलं नाही. फक्त व्हॅलिडेशन लावता येणार नाही, उत्तर रोज वेगळं. ते सेक्शन मोकळं सोड, काहीही लिहिलं तरी पुढे जाऊ दे.

निळा_देवमासा
कमाटीबागेचं म्युझियम पण घ्या हो, पोरं नको म्हणाली तरी घ्या. देवमाशाच्या सांगाड्यापाशी "हा किती पावलं लांब आहे ते चालून मोजा" एवढंच ठेवा, प्रत्येकाचं उत्तर वेगळं येईल आणि तिथेच वादावादी सुरू होईल. ममी बघायला तर स्वतःच पळतील. ही इमारत १८९४ ची, बाग १८७९ ची.

कीर्तिमंदिरावर एक माझ्याकडून. शिखराकडे बघा, वर सूर्य, चंद्र आणि पृथ्वी आहेत, पृथ्वीवर अखंड हिंदुस्थानचा नकाशा आहे. नुसत्या डोळ्यांनी नीट दिसत नाही, फोनच्या कॅमेऱ्याचा झूम इथे खरा कामाला येतो. अण्णा, इथे तरी मोबाईलला माफ करा. आत नंदलाल बोसांची भित्तिचित्रं आहेत, गंगावतरण, मीरेचं आयुष्य, महाभारताचं युद्ध आणि नटीर पूजा. चारपैकी कुठल्या चित्रात युद्ध नाही पण नाच आहे, असं काहीतरी विचारता येईल. आत जाता येतं की नाही ते आधी कोणीतरी जाऊन विचारून या, सगळा खेळ बंद दाराशी अडकायला नको.

पाणीगेटवाला
आणि काळा घोड्याच्या पुलावर विश्वामित्री नदीतल्या मगरींवर एक क्लू ठेव. "कोण ऊन खात पडलंय?" उत्तर दिसलं तर ठीक, नाही दिसलं तर जास्तच ठीक. कठड्यावर चढून सेल्फी मात्र नको, प्लीज, हे गंमतीत म्हणत नाहीये.

विजया_संकल्प
केतकीताई, कमाटीबागेत जाताय तर संकल्पभूमीपाशी थांबाल ना? १९१७ मध्ये बाबासाहेब बडोद्याच्या नोकरीसाठी आले. ज्या संस्थानाने त्यांना परदेशी शिकायला पैसे दिले त्याच शहरात त्यांना राहायला जागा मिळेना, पारशी धर्मशाळेतूनही हाकललं, तेव्हा ते ह्या बागेत झाडाखाली बसले होते. माझी एकच विनंती, तिथे मार्कांचा प्रश्न ठेवू नका. मोजा, शोधा, फोटो काढा, काही नको. खेळ तिथे पाच मिनिटं थांबू दे, मोठ्यांनी मुलांना गोष्ट सांगावी, आणि मग पुढे. सयाजीरावांचं कौतुक आपण बडोदेकर भरभरून करतो, करायलाच पाहिजे, सक्तीचं मोफत प्राथमिक शिक्षण १९०६ मध्ये सगळ्या संस्थानात लागू केलं म्हणजे चेष्टा नाही. पण राजाच्या हुकमाने शेजाऱ्याचं मन बदलत नाही हेही ह्याच शहरात घडलंय, ते मुलांना कळू दे.

केतकी_दांडियाबाजार
विजयाताई, नक्की. फॉर्ममध्ये त्या पानावर प्रश्नच ठेवत नाही, फक्त "इथे बसा" असं लिहिते आणि गोष्ट सासरे सांगतील. ते शिक्षक होते, त्यांच्याइतकी चांगली कोणाला जमणार नाही.

अण्णा_रावपुरा
हे योग्य.
दांडियाबाजारच्या ताईंनी स्वतःच्या दारातले मात्र सोडले. अरविंद निवास कुठे गेले? अरविंद घोष १८९३ ते १९०६ बडोद्यात नोकरीला होते. तिथून जवळ जुम्मादादांची व्यायामशाळा, प्रोफेसर माणिकरावांची. एका बाजूला ध्यान, दुसऱ्या बाजूला मल्लखांब, पोरांना कुठे जायचे ते ठरवू द्या.

केतकी_दांडियाबाजार
अण्णा, दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच 🙈 घेते. सुरुवातच घरापासून करते मग.

*(दिवाळीनंतर)*

केतकी_दांडियाबाजार
मंडळी झाला एकदाचा! तीन टीम केल्या, प्रत्येक टीममध्ये एक लहान, एक कॉलेजवालं आणि एक फोन, फक्त एक. बाकीच्यांचे फोन सासऱ्यांच्या पिशवीत जमा. हा नियम जोशींच्या पूर्ण फॉर्मपेक्षा जास्त उपयोगी पडला असं माझं मत, कारण फोन एकाकडे म्हटल्यावर बाकीचे आपोआप आजूबाजूला बघायला लागतात. आणि वेळेवर मार्क ठेवलेच नाहीत, रस्त्यावर पळापळी नको म्हणून, फक्त बरोबर उत्तरांचे मार्क.

तांबेकर वाड्याने सगळ्यांना गप्प केलं. बाहेरून काही विशेष वाटत नाही आणि आत भिंती भरून चित्रं, कृष्णलीला काय, लढाया काय. माझा प्रश्न साधा होता, चित्रातल्या गोऱ्या साहेबांना शोधा. कॉलेजवाल्या भाच्याने त्याच्या पुढचं विचारलं, मामी हे काढणाऱ्याने साहेबाला प्रत्यक्ष बघितला असेल का. भाऊ तांबेकर १८४९ ते १८५४ दिवाण होते, म्हणजे इंग्रजांचे रेसिडेंट साहेब घरी येतजात असणारच की. तिथे आम्ही ठरवल्यापेक्षा खूप जास्त वेळ रेंगाळलो आणि मांडवीला पोचेपर्यंत दुकानं उघडली होती, शलाकाने सांगितलेलं सगळं खरं ठरलं. तिथला एक बांगडीवाला काका तर तिसऱ्या टीमला म्हणाला, "बार छे बार, हवे जाव!" (बारा आहेत बारा, आता जा!) पोरांनी तरी मोजल्याच.

घड्याळाच्या प्रश्नाची उत्तरं तीन टीमची तीन आली आणि तिघंही बरोबर, कारण तिघं वेगवेगळ्या वेळी पोचले. अण्णा, तुमचा जयजयकार झाला.

सेंट्रल लायब्ररी ऐनवेळी धाकट्या जाऊबाईंनी घुसवली आणि तीच पोरांची नंबर एक ठरली! पुस्तकांच्या मांडणीत काचेच्या लाद्यांचे मजले आहेत ना, वरून माणूस चालला की खाली सावली सरकते. ती दिसल्यावर नऊ वर्षांच्या आमच्या वीराने सांगितलं मी इथून हलणार नाही. सयाजीरावांनी बोर्डेन नावाच्या अमेरिकन ग्रंथपालाला १९१० मध्ये बोलावून वाचनालयाची सगळी व्यवस्था उभी केली, हे मी सांगायला तोंड उघडलं आणि आठवलं, "अमुक साली" नको म्हटलं होतं. तर तोच म्हणतो, कधीचं आहे हे?

मृदुला_परदेशी
आता विचारलंच आहे तर सांगा म्हणावं 😄 जिंकलं कोण?

केतकी_दांडियाबाजार
सासऱ्यांची टीम. स्टेशन मास्तर म्हणून नेमलेले, मधेच एका टीममध्ये घुसले. बक्षीस भाकरवडी, ती सगळ्यांनीच खाल्ली.

शलाका_मांजलपूर
आणि दुपारचा भाग? उन्हाचं काय झालं?

केतकी_दांडियाबाजार
दुपारचा आम्ही दुसऱ्या दिवसावर ढकलला, हीच तर ह्या प्रकाराची सोय, गाईड नाही, बुकिंग नाही, फॉर्म तिथेच पडून असतो. फक्त पॉवर बँक घ्या बरोबर, कॅमेरा आणि नेट चालू राहिलं की जेवणाच्या वेळेपर्यंत फोन मान टाकतो.

पाणीगेटवाला
फॉर्मची लिंक टाक ना इथे, आमच्या सोसायटीच्या पोरांना देतो.

केतकी_दांडियाबाजार
व्यक्तिगत निरोपाने पाठवते. इथे टाकली तर उत्तरं दोन दिवसात धाग्यावरच येतील. टॉवरचा आणि म्युझिक कॉलेजचा तसाच ठेव, बाकी मजकूर तुमच्या गल्लीप्रमाणे बदल. पाणीगेटकडचे क्लू तूच लिही, तिकडचं मला ओ की ठो माहीत नाही.

अण्णा_रावपुरा
पाणीगेटवाल्यांनी लिहून झाले की आधी मला पाठवावे. सालावर एकही प्रश्न दिसला तर परत करीन.

पाणीगेटवाला
हो अण्णा 🙏 एक शंका, विठ्ठल मंदिराच्या वरघोड्याच्या (मिरवणुकीच्या) दिवशी ठेवलं तर? देवउठी एकादशी जवळच आहे.

अण्णा_रावपुरा
त्या दिवशी क्लू नकोत. त्या दिवशी पालखीमागे चाला.